'ब्राउझर माझा, मर्जी माझी' म्हणणाऱ्या वाचकाला

नमस्कार. तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली, पहिल्यांदा राग आला, खोटं कशाला बोलू. तुमचं म्हणणं थोडक्यात असं की अगार डॉट आयओ या गोळ्याने गोळा गिळायच्या ऑनलाइन गेममधल्या झूम (जास्त मैदान दाखवणाऱ्या) आणि मॅक्रोच्या (एका बटनात अनेक बटनं दाबणाऱ्या) स्क्रिप्टला, म्हणजे ब्राउझरमध्ये वरून जोडलेल्या छोट्या प्रोग्रॅमला, मी चीटिंग म्हणतो ते ढोंग आहे, ब्राउझर तुमचा, त्यात काय चालवायचं ते तुम्ही ठरवणार, आणि मी स्वतः कुकी क्लिकर या क्लिक करून कुकीज जमवायच्या गेममध्ये कन्सोल (ब्राउझरमधली कोड लिहायची खिडकी) उघडून आकडे बदलले होतेच की.

बदलले होते, परत बदलीन. तो गेम मी एकटा बसून खेळतो, कुकीज फुकट घेतल्या तर कुणाच्या ताटातल्या गेल्या? उलट तिथे अशी लबाडी केली की तिचंच एक अचिव्हमेंट मिळतं, लबाडीने मिळवलेल्या कुकीज चवीला वाईट लागतात अशा अर्थाचं. म्हणजे बनवणाऱ्यानेच डोळा मारलाय.

अगारचं तसं नाही ना! 2015 मध्ये आला तेव्हापासून त्याची सगळी गंमत एकाच गोष्टीत, लहान असाल तर मैदान थोडंसंच दिसतं, मोठे झालात की जास्त दिसतं पण अंग जड होऊन वेग मरतो. लहानग्याला लांबचं दिसत नाही म्हणून तर तो व्हायरस नावाच्या हिरव्या काटेरी गोळ्याखाली दबा धरून बसतो आणि मोठा हावरटासारखा त्यावर चढला की फुटून तुकडे तुकडे. तुम्ही म्हणता 'मी मास (गोळ्याचं वजन) तर वाढवत नाही'. वाढवणार कसं, तो हिशोब सर्व्हरकडे, म्हणजे गेम चालवणाऱ्या कंपनीच्या कॉम्प्युटरकडे असतो. पण चित्र काढायला आजूबाजूची माहिती ब्राउझरला द्यावीच लागते आणि तुमची स्क्रिप्ट नेमकं तिथेच डोकावते. मॅक्रोचं तेच. स्पेस दाबला की गोळ्याचे दोन तुकडे, परत चार, आठ, जास्तीत जास्त सोळा, हे घाबरलेल्या बोटांनी करायचं असतं राव, एका बटनात नाही.

नेट हळू म्हणून गेम मागे पडतो, या तुमच्या लॅगचा मुद्दा मात्र मान्य. सिंगापूरच्या सर्व्हरवर गावाकडच्या नेटने खेळताना आपला गोळा जागचा हलेपर्यंत समोरचा गिळून पुढे गेलेला असतो, मीही भोगलंय. पण लहानपणी पकडापकडीत धाकट्या भावाला आपण कच्चा लिंबू घ्यायचो, तेव्हा आधी ओरडून सांगायचो ना, 'हा कच्चा लिंबू हां!', आणि सगळे हो म्हणायचे. तुम्ही गुपचूप स्वतःच स्वतःला कच्चा लिंबू करून घेताय आणि वर लीडरबोर्डवर पहिला नंबरही हवाय! मित्रांमध्ये सांगून लावा की काय लावायचं ते, माझी ना नाही.

आणि हो, बॅकग्राउंड काळं करणाऱ्या स्क्रिप्टबद्दल मी अवाक्षर काढलं नव्हतं, ती तुम्ही उगाच माझ्या माथी मारलीत. ती मीच वापरतो, रात्री डोळे दुखतात.