दोन चंद्रांचं ग्रहण दुर्मीळ ठेवायचं तर

दोन चंद्र एकदम सूर्य झाकतात, ही लेखातल्या काल्पनिक जगाची कल्पना फार आवडली. पण दोघांच्या कक्षा ग्रहाच्या कक्षेच्याच पातळीत ठेवल्यात, म्हणजे दर अमावस्येला ग्रहण! आपल्या चंद्राची कक्षा जेमतेम ५ अंश कललेली, तेवढ्यानेच बहुतेक अमावस्या ग्रहणाविना जातात. दोन्ही कक्षांना वेगवेगळा कल द्या. मग दोघेही एकाच वेळी आपापल्या राहू-केतूपाशी, म्हणजे पातबिंदूंजवळ (चंद्राची कक्षा ग्रहाच्या कक्षेच्या पातळीला छेदते त्या बिंदूंजवळ), आणि तेही अमावस्येलाच, हा योग क्वचितच जुळेल. खग्रास हवं तर निदान एकाचं बिंब सूर्यबिंबापेक्षा किंचित मोठं दिसू द्या. लहान असेल तर कंकणाकृतीच होईल. आणि ग्रहणाच्याच रात्री उगवलेला दाखवलाय तो पूर्णचंद्र तेवढा वगळा: सूर्यग्रहण अमावस्येला होतं, पौर्णिमेला अजून अर्धी प्रदक्षिणा बाकी असते.