पिक्चर नंतर, आधी फाइलचं नाव!

भावांनो, पिक्चर कुठलाही असो, आधी फाइलचं नाव वाचायचं, तेही मोठ्यानं. '२१६०पी, वेब-डीएल, एचडीआर, टेन बिट, एक्स२६५, ॲटमॉस.' म्हणजे ओळीनं: ठिपके किती, फाइल आली कुठून, उजेड-अंधार किती खुलतो, रंगांच्या छटा किती, फाइल दाबली कशी आणि आवाज कसला. चहाच्या गाड्यावर एवढं एका दमात म्हणता आलं, की कोल्हापूरच्या मंगळवार पेठेत तुमच्या शब्दाला वजन आलंच म्हणून समजा. गोष्ट काय, काम कुणाचं, असल्या चौकशा अडाण्यांसाठी सोडा.

आकडा दिसला की भुलायचं. १०८०पी म्हणजे १९२० गुणिले १०८०, जवळपास २१ लाख ठिपके. आता दोन तासांचा पिक्चर ९०० एमबीत कोंबला, तर सेकंदाला जेमतेम १ मेगाबिट माहिती या सगळ्या ठिपक्यांत वाटून घ्यायची. ब्लू-रे डिस्कवर नुसत्या चित्रासाठीच ती ४० मेगाबिटपर्यंत जाऊ शकते. पण भागाकार करत बसू नका. दहा माणसांच्या पांढऱ्या रश्श्यात पाणी ओतून शंभरांची पंगत उठवली, तरी पातेलं भरलेलंच दिसतं की! अंधाराच्या सीनमध्ये हिरोच्या गालावर चौकोनी फरशा उमटल्या, तर दिग्दर्शकाची शैली म्हणायचं आणि पुढं बघायचं.

घरात ३२ इंची 'एचडी रेडी' टीव्ही असेल, तर फोर-केच्या, म्हणजे त्या २१६०पीच्या, खाली उतरूच नका. फोर-केचे ८३ लाख ठिपके त्या टीव्हीच्या साडेदहा लाखांत मावतात. आठांचा एक होतो, इतकंच. पेन ड्राइव्ह मात्र गच्च भरतो, आणि समाधान त्याचंच असतं.

आवाजाची तर वेगळीच मजा. ५.१ म्हणजे पाच स्पीकर आणि एक सबवूफर. आपल्याकडं टीव्हीच्या पोटाखाली दोन. मधल्या स्पीकरसाठी ठेवलेले संवाद तिथं दबतात, म्हणून आवाज वाढवायचा. तेवढ्यात मारामारी लागते आणि खालच्या मजल्यावरचे काका वर येतात. साधा स्टिरिओ निवडला की हे टळतं, पण मग ५.१चा मान काय राहिला? डीटीएस नावाच्या प्रकारात आवाज भरलेली फाइल मिळाली तर सोडूच नका. बऱ्याच टीव्हींना डीटीएस समजत नाही. चित्र पळतं, आवाज नाही. बाबूराव पेंटरांनी १९२०च्या दशकात याच कोल्हापुरात मूकपट काढले. तो वारसा आपण सोफ्यावर बसून चालवतोय.

राहता राहिला कॅम-रिप. कुणीतरी थिएटरात मोबाइल धरून टिपलेला. मधूनच कुणाचा तरी खोकला, पडद्यासमोरून जाणारं एखादं डोकं, सगळं जिथल्या तिथं. हल्ली त्याला 'एचडी-कॅम' म्हणतात, म्हणजे पुढच्या रांगेतलं टक्कल स्पष्ट दिसतं. २०२३च्या कायदादुरुस्तीनं असं टिपणाऱ्याला किमान तीन महिने कैद आणि किमान ३ लाख रुपये दंड ठेवलाय. किती माणसं एवढी जोखीम घेऊन आपल्याला टक्कल दाखवतात!

वेब-डीएल म्हणजे ओटीटीवरून जशीच्या तशी उतरवलेली, वेब-रिप म्हणजे परत रेकॉर्ड करून दाबलेली, हा फरकही घोकून ठेवा. एवढं करूनही कुणी विचारलंच, "पिक्चर कसा हाय रं?" तर बेधडक सांगायचं, "टेन बिट."