थायोटिमोलिन हा खरा पदार्थ नाही

‘पाणी ओतण्याच्या १.१२ सेकंद आधीच विरघळणारा पदार्थ शास्त्रज्ञांना सापडला’ असा मेसेज फिरतोय. थायोटिमोलिन नावाचा हा पदार्थ पूर्णपणे काल्पनिक आहे. विज्ञानकथालेखक आयझॅक असिमोव्ह कोलंबिया विद्यापीठात रसायनशास्त्रात पीएच.डी. करत होते, तेव्हा त्यांनी शोधनिबंधाच्या थाटात, तक्ते, आलेख आणि बनावट संदर्भांसह त्यावर एक लेख रचला. मार्च १९४८ च्या ‘अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन’ या विज्ञानकथांच्या मासिकात तो छापून आला. मी तो वाचलाय. मांडणी इतकी हुबेहूब आहे, की खरं वाटणं अगदी साहजिक आहे. त्यांच्या तोंडी परीक्षेत परीक्षकांनीही थायोटिमोलिनवर प्रश्न विचारला होता, पण तो गमतीने. प्रत्यक्षात पाणी लागल्याशिवाय काहीही पाण्यात विरघळत नाही. कृपया तो मेसेज पुढे पाठवू नका. पाठवला असेल, तर त्याच ग्रुपवर हा खुलासा टाका.