जुनी प्लेस्टेशन विकण्याआधी हे वाचा

घोडबंदर रोडच्या आपल्या सोसायटी ग्रुपवर फिरतंय: ‘पीएस५ घ्या, आजवरच्या सगळ्या प्लेस्टेशनच्या डिस्क त्यात चालतात.’ पीएस५ म्हणजे प्लेस्टेशन ५, सोनीचा गेम खेळायचा कन्सोल. हे अर्धंच खरं आहे.

पीएस४ चे ४,००० हून जास्त गेम, म्हणजे जवळपास सगळेच, पीएस५ वर चालतात. पीएस३, पीएस२ आणि पहिल्या प्लेस्टेशनच्या डिस्क मात्र चालत नाहीत. पीएस४ आणि पीएस५ चे प्रोसेसर एकाच घराण्यातले, एएमडी कंपनीचे. पीएस३ चा ‘सेल’ प्रोसेसर मुळातच वेगळा. २००६ मध्ये आलेल्या पहिल्यावहिल्या पीएस३ मध्ये पीएस२ च्याच चिप बसवल्या होत्या, म्हणून तिच्यावर पीएस२ चे गेम चालायचे. गोंधळ बहुधा तिथूनच सुरू झाला असावा.

आणि हो, पीएस५ च्या डिजिटल एडिशनमध्ये डिस्क घालायला जागाच नसते. २०२३ पासूनच्या स्लिम मॉडेलला ड्राइव्ह वेगळा घेऊन जोडता येतो.

काल आमच्या मजल्यावरचा मुलगा पीएस३ विकायला निघाला होता. डिस्क मात्र एकेक फडक्याने पुसून घरीच ठेवल्या होत्या, नव्या कन्सोलवर खेळायला. लिफ्टपाशी थांबवलं म्हणून बरं. तुमच्याकडे चालू पीएस३ असेल तर कृपया तीही राहू द्या.