टर्न क्रमांक २४३

माझं साम्राज्य परचक्रानं बुडालं असतं तर मी ते सोसलं असतं. साम्राज्यं बुडायचीच. पण माझं बदकांनी बुडवलं.

झालं असं की कॉम्प्युटरवरच्या राज्य उभारायच्या गेममध्ये अठरा शहरं, चार बंदरं, नुकताच सुरू झालेला लोहमार्ग आणि खजिन्यात दोन हजारांवर सोनं अशा ऐन भरात मी ‘एंड टर्न’, म्हणजे ‘माझी चाल संपली’, असं बटण दाबलं. कोपऱ्यातला इवलासा पृथ्वीगोल गरगरायला लागला. तो गरगरतो तेव्हा बाकीचे राजे आपापल्या चाली करत असतात. मग गोल थांबला, संगीत एका सुरावर अडकून ‘र्र्र्र’ असं वाजलं, स्क्रीन काळा झाला आणि दुसऱ्याच क्षणी समोर माझा डेस्कटॉप. डेस्कटॉपवर तळं, तळ्यात तीन बदकं. ना चिठ्ठी, ना चपाटी. चाळीस तासांची राजवट गेली आणि बदकं शांतपणे पोहत होती.

मारधाडीचा गेम बंद पडला तर माणूस पाच मिनिटं मागे जातो. स्ट्रॅटेजी गेम बंद पडला की आख्खं शतक हातचं जातं. त्यात हे गेम पडतात तेही सगळं जुळून आल्यावर. सुरुवातीला नकाशावर एक शहर आणि दोन भालेकरी असतात, तेव्हा कॉम्प्युटरला काम काय? दोनशे टर्ननंतर मात्र आठ राजे, शेकडो पलटणी, प्रत्येकीनं कुठल्या वाटेनं जायचं याचा हिशोब, कुणाचं कुणाशी बिनसलंय याची नोंद, हा सगळा पसारा त्याला एका दमात आवरायचा असतो. थोडक्यात, मी दरिद्री असेपर्यंत गेम कधीच पडत नाही.

मी भाच्याला फोन लावला. घरातल्या सगळ्या मशीनचा वैद्य तोच.

“गेम बंद पडतोय रे.”

“मामा, ‘बंद पडतोय’ असं सांगू नकोस. कसा पडतो ते सांग. नुसता गेम जातो, निळा स्क्रीन येतो, की मशीनच रीस्टार्ट होतं?”

“बदकं येतात.”

तो थोडा वेळ गप्प राहिला. “म्हणजे नुसता गेम जातो. बरं आहे.” त्याचं म्हणणं असं, की मशीनच अचानक रीस्टार्ट झालं तर पॉवर सप्लाय किंवा उष्णता बघायची, निळा स्क्रीन आला तर ड्रायव्हर (हा विंडोज आणि यंत्राचे भाग यांच्यातला दुभाषा) नाहीतर रॅम, आणि नुसता गेम गेला तर काहीही असू शकतं. यात बरं काय आहे ते मला अजून कळलेलं नाही.

पहिला उपचार म्हणून गेमच्या फाइल्स तपासायला लावल्या. साठ जीबीमधल्या दोन फाइल्स नापास झाल्या. मला वाटलं, चोर सापडला. भाचा म्हणाला, त्या सेटिंगच्या फाइल्स असतील, त्या जवळजवळ नेहमीच नापास होतात. परत उतरवल्या. बदकं.

मग ग्राफिक्सचा ड्रायव्हर. तो नुसता अपडेट करून चालत नाही म्हणे, सेफ मोडमध्ये, म्हणजे विंडोज जेमतेम गरजेपुरतं चालवून, मुळासकट उपटावा लागतो. सेफ मोडमध्ये सगळी अक्षरं एवढाली दिसायला लागली, की मशीनलाच चाळिशी लागल्यासारखं वाटलं. या खटपटीत एक गोष्ट कळली: ग्राफिक्स कार्डानं दोन सेकंदांत उत्तर दिलं नाही, तर विंडोज ते अडकलंय असं समजून त्याला रीसेट करतं. भाच्याला ही शिस्त फार कडक वाटते. त्याचं अजून लग्न व्हायचंय. मला घरात दोन सेकंद कधी मिळाले नाहीत.

नवा ड्रायव्हर, जुनीच बदकं.

त्यानंतर त्यानं मला इव्हेंट व्ह्यूअर, म्हणजे विंडोजची कुरबुरींची वही, उघडायला सांगितला, आणि हे त्यानं करायला नको होतं. धडधाकट माणसानं आपल्या मशीनचा इव्हेंट व्ह्यूअर कधीही बघू नये. तिथं लाल फुल्या आणि पिवळ्या त्रिकोणांची रांगच्या रांग लागलेली असते. एकट्या १००१६ क्रमांकाच्या नोंदी माझ्याकडे शेकड्यांनी होत्या. हे मशीन आजवर चाललं तरी कसं, या विचारानं मला घाम फुटला. नंतर कळलं, की त्या नोंदींकडे दुर्लक्ष करा असं विंडोज बनवणारेच सांगतात. मग त्या लिहिता कशाला? तर ते असो.

त्या गर्दीत माझ्या गेमची नोंद सापडली: क्रमांक १०००, ॲप्लिकेशन एरर. पुढे एक कोड. त्यात ‘सी’, मग सहा शून्यं, मग पाच. याला ॲक्सेस व्हायोलेशन म्हणतात, म्हणजे मेमरीतल्या ज्या जागेवर हक्क नाही तिथं प्रोग्रॅमनं पाय टाकला. आणि गुन्हेगार म्हणून नाव होतं एनटीडीएलएल या फाइलचं. मी दोन तास त्या फाइलला शिव्या घातल्या. ती बदलता येते का याचा शोधही सुरू केला. भाचा ओरडला, “मामा, तिला हात लावू नकोस! ती विंडोजची आहे. प्रत्येक प्रोग्रॅम तिच्यातूनच जातो, म्हणून मरताना तिच्या दारात मरतो.” चोर सोडून संन्याशाला सुळी देण्याची व्यवस्था विंडोजमध्ये तयारच आहे हे मला तेव्हा कळलं.

तरी शंका नको म्हणून कॅबिनेट उघडलं. १९४७ साली हार्वर्डच्या मार्क टू या कॉम्प्युटरच्या रिलेत, म्हणजे विजेच्या खटक्यात, अडकलेला पतंग (किडा) सापडला होता आणि तो नोंदवहीत चिकटवून ठेवला होता, हे मी कुठंतरी वाचलेलं. बग, म्हणजे किडा, हा शब्द त्याआधीही यंत्रांतल्या दोषाला वापरत, पण खराखुरा किडा हाती लागण्याचं भाग्य त्यांना लाभलं. मला पंख्याच्या पात्यांवर राखाडी लोकर मिळाली, आणि दोन वर्षांपूर्वी हरवलेला स्क्रू. हा स्क्रू कुठला आहे ते शोधण्यात रविवार गेला. मशीन पाच-सहा अंशांनी थंड झालं. बदकं ताजीतवानी दिसायला लागली.

मग रॅम. रॅमच्या खोक्यावर जो वेग छापलेला असतो, त्या वेगानं ती आपोआप पळत नाही. बायोसमध्ये, म्हणजे विंडोजच्याही आधी मशीन जागं करणाऱ्या प्रोग्रॅममध्ये, एक्सएमपी नावाचं सेटिंग चालू करावं लागतं. मी ते मोठ्या हौसेनं केलं होतं. भाच्यानं ते बंद करायला लावलं आणि वर मेमटेस्ट चालवायला सांगितला. हा पेन ड्राइव्हवरून, विंडोज सुरू व्हायच्या आधीच चालतो आणि रॅमच्या एकेका घरात काहीतरी लिहून परत वाचून बघतो, जे लिहिलं तेच वाचता येतंय ना. चार फेऱ्यांना रात्र लागली. मी मधे दोनदा उठून बघून आलो. सकाळी उत्तर: चुका शून्य. पोटात दुखतंय आणि सगळे रिपोर्ट नॉर्मल, अशा माणसाची जी अवस्था होते ती माझी झाली. एखादी तरी चूक निघायला हवी होती हो. निदान सांगायला काहीतरी झालं असतं.

मॉडचं प्रकरण थोडक्यात सांगतो, कारण त्यात माझी शोभा आहे. मॉड म्हणजे हौशी लोकांनी मूळ गेमला जोडलेली ठिगळं. मी बत्तीस मॉड लावली होती. अर्धी बंद करायची, क्रॅश येतो का बघायचं, मग उरलेल्यांतली अर्धी. या हिशोबानं पाच फेऱ्यांत दोषी सापडतो. पण त्यातल्या नऊ मॉडनी सेव्ह फाइलमध्ये आपलं बस्तान बसवलेलं. ती काढली तर सेव्हच उघडेना. उरलेली तेवीस काढून टाकली, झाडांची पानं जास्त हिरवी करणाऱ्या मॉडसकट. पानं फिकी झाली, एवढाच फरक.

एव्हाना नऊ दिवस झाले होते. दहाव्या संध्याकाळी मी पुन्हा सेव्ह लोड करून खेळत होतो आणि बायको दारात उभी राहून बघत होती. तिला या गेममधलं ओ की ठो कळत नाही.

“ही बाई काल पण लोखंड मागत होती ना?”

“कुठली बाई?”

“ही निळ्या झग्यातली. काल तिनं लोखंड मागितलं, तू नाही म्हणालास, आणि बदकं आली. परवा दिलंस, तरी बदकं आली.”

मी कोपऱ्यातला टर्नचा आकडा बघितला: २४३. ‘एंड टर्न’ दाबलं. गोल, र्र्र्र, काळोख, बदकं. “बघ,” ती म्हणाली आणि आत गेली.

मी भाच्याला फोन करून हे सांगितलं. तो म्हणाला, “मामा, मामीला फोन दे.”

त्या दोघांचं जे बोलणं झालं त्याचं सार असं, की क्रॅश कुठंही आणि कधीही येत असेल तर रॅम, उष्णता, वीज यांच्यावर संशय घ्यावा. वेळ पाळून येत असेल, तर तो गेमच्याच पोटात बसलेला आहे. खराब रॅमला टर्न मोजता येत नाहीत. आणि हा प्रश्न, मामानं पहिल्या दिवशी आकडा बघितला असता तर, पहिल्या दिवशीच कळला असता. शेवटचं वाक्य मला दोघांनीही वेगवेगळं ऐकवलं.

डॉक्युमेंट्समध्ये गेमचा एक फोल्डर असतो, त्यात लॉग्ज नावाचा आणखी एक. कुणी तिकडे फिरकत नाही. तिथल्या एका मजकुराच्या फाइलमध्ये गेम आपली रोजनिशी लिहीत असतो: कोण कुठं गेला, कुणी काय बांधलं. मी तळाशी गेलो. शेवटची ओळ अर्धवट तुटलेली, वाक्य लिहिता लिहिता प्राण गेल्यासारखी. खेळाडू क्रमांक चार, गलबत, नकाशावरची जागा, आणि पुढे ‘वाट शोधत आहे’ अशा अर्थाचं काहीतरी.

“शेवटी जवळ उभा होता तोच खुनी असं नसतं, मामा,” भाच्यानं बजावलं. “तीनदा करून बघ.” तीनदा केलं. तीनदा तेच गलबत.

खेळाडू क्रमांक चार म्हणजे निळ्या झग्यातली राणी. माझी सगळ्यात जुनी मित्र. अश्मयुगापासून आमचा तह. तिचं ते गलबत मी नकाशावर शोधून काढलं. उत्तर ध्रुवाजवळ बर्फाच्या एका खाचेत एकटंच उभं होतं. तीन बाजूंना बर्फ, चौथ्या बाजूला माझी मासेमारीची होडी. बहुधा त्याला घरी जायची वाट सापडत नसावी आणि ती शोधता शोधता आख्खी पृथ्वी कोसळत असावी.

मी होडी बाजूला घेतली. बदकं. राणीला लोखंड दिलं, घोडे दिले, नकाशे दिले. बदकं. गलबत विकत घ्यायची सोय गेममध्ये नाही. उरला एकच उपाय, आणि तो मला सुचला तेव्हा मी खुर्चीतून उठून खोलीत दोन फेऱ्या मारल्या.

मित्रराष्ट्राचं गलबत बुडवायचं तर आधी मैत्री मोडावी लागते, आणि तह मुदतीआधी मोडता येत नाही. म्हणून २२० व्या टर्नच्या सेव्हपर्यंत मागे गेलो. या गेममध्ये फाशांचं बी, म्हणजे नशिबाचे फासे पुढे कसे पडणार हे ठरवणारा आकडा, सेव्हबरोबरच साठवलेलं असतं, त्यामुळे त्याच चाली केल्या की जग त्याच वाटेनं जातं. मी कागदावर लिहून त्याच चाली केल्या. फक्त दोन युद्धनौका गुपचूप उत्तरेला नेऊन ठेवल्या. २३८ ला तहाची मुदत संपली. राणी नेहमीसारखी नूतनीकरणाचा कागद घेऊन आली. मी ‘नाही’ दाबलं. २४० ला युद्ध पुकारलं. तिच्या चेहऱ्यावर जे भाव आले ते कुठल्यातरी चित्रकारानं पगार घेऊन काढलेले आहेत हे मला माहीत होतं, तरी मी मान खाली घातली. २४१ ला गलबत बुडालं. त्यावर तोफाही नव्हत्या.

२४२. मग २४३. मी बायकोला हाक मारली, भाच्याला फोनवर घेतलं. ‘एंड टर्न’. गोल गरगरला, गरगरला, थांबला. कुणी श्वास घेईना. आणि मग कोपऱ्यात आकडा उमटला: २४४. बायकोनं टाळ्या वाजवल्या. भाचा फोनवर ओरडला. दहा दिवसांत तसा आनंद घरात झाला नव्हता.

२४६ ला दक्षिणेच्या सम्राटानं मला भर दरबारात विश्वासघातकी म्हटलं. २४७ ला आणखी दोघांनी. निःशस्त्र गलबत बुडवणाऱ्याशी व्यापार नको म्हणून सगळ्यांनी बाजार बंद केले, आणि २४९ ला तिघांनी मिळून युद्ध पुकारलं. माझं आरमार ध्रुवाजवळ होतं. लोखंड मी वाटून बसलो होतो. २५५ पर्यंत सात शहरं गेली, लोहमार्ग गेला, खजिन्यात बारा सोनं उरलं. राजधानीभोवती तीन रंगांच्या फौजा उभ्या राहिल्या. त्यात सगळ्यात पुढे निळा.

मी ‘एंड टर्न’वर बोट ठेवलं. बायको मागून म्हणाली, “आता काय?” मी काही बोललो नाही. दाबलं. गोल गरगरायला लागला आणि मी आयुष्यात पहिल्यांदा त्या र्र्र्रची वाट बघत बसलो.

गोल नीट थांबला. संगीत सुरेल चालू होतं. कोपऱ्यात आकडा आला, २५६, आणि राजधानीच्या तटाला पहिलं भगदाड पडलं. बदकांचा पत्ता नव्हता.