असई सहलीला मिळालेल्या एक तारा अभिप्रायाबद्दल आयोजकांचं उत्तर

नमस्कार सर,

रविवारच्या सहलीत तुम्हाला त्रास झाला, त्याबद्दल मनापासून माफी मागतो. पाण्याच्या बाटल्या परतीच्या आधीच संपल्या, ही चूक पूर्णपणे आमची.

पण तुम्ही लिहिलंत, "२,२०० रुपये घेऊन एका ओढ्याकाठी पन्नास मिनिटं उन्हात उभं केलं आणि इंग्रजाचे पोवाडे ऐकवले." हे वाक्य फार लागलं.

तो ओढा म्हणजे केळणा नदी. आर्थर वेलस्ली, म्हणजे पुढचा ड्यूक ऑफ वेलिंग्टन, २३ सप्टेंबर १८०३ च्या दुपारी, असईच्या लढाईच्या दिवशी, दक्षिणेकडून तिथे आला, तेव्हा शिंदे आणि नागपूरकर भोसल्यांची मराठा फौज पलीकडच्या काठावर तोफा लावून उभी होती. समोरून नदी ओलांडणं म्हणजे थेट तोफांच्या तोंडी जाणं. दुसरा उतार, म्हणजे नदी ओलांडण्याजोगी उथळ जागा, नाही, असं वाटाडे सांगत होते. पण पूर्वेला पिंपळगाव आणि वरूड ही गावं समोरासमोरच्या काठांवर दिसली, आणि त्याने ताडलं की एवढी जवळची गावं म्हणजे येजा असणारच, म्हणजे उतारही असणारच. हे बसच्या खिडकीतून कळत नाही. आधी दोन्ही काठ दिसतील असं उभं राहावं लागतं, मग पश्चिमेकडे तोंड करून केळणा आणि जुई या दोन नद्यांमधली चिंचोळी जमीन कशी रुंदावत जाते ते बघावं लागतं. तेवढं समजलं की पुढची लढाई आपोआप उलगडते. याला पन्नास मिनिटं लागतातच.

आणि पोवाडे म्हणाल तर त्यातली निम्मी मिनिटं आपल्याच बाजूवर होती. शिंद्यांच्या चाकरीतला जर्मन अधिकारी पोलमन याच्या कवायती पलटणींनी दक्षिणेकडची फळी पूर्वेकडे फिरवली, डावं टोक असईला आणि उजवं केळणेला टेकवून. वेलस्लीला मोकळी बगल हवी होती, मिळाली नवी फळी. त्याच्या उजवीकडच्या पहाऱ्याच्या तुकड्या ठरल्यापेक्षा उत्तरेला सरकल्या, त्यांच्यामागून इंग्रजांची ७४ वी पलटण असईच्या तोफांखाली गेली आणि जवळजवळ संपली. आपले काही गोलंदाज मेल्यासारखे पडून राहिले आणि इंग्रज पुढे जाताच त्यांच्या पाठीवर तोफा डागल्या. वेलस्लीचे ४२८ ठार आणि १,१३८ जखमी झाले, त्यात मद्रासचे देशी शिपाईही होते. हा पोवाडा नेमका कोणाचा, तुम्हीच सांगा.

बसमधल्या "विलायती राजकारणाच्या पुराणा"बद्दलही तुम्ही लिहिलंत. सहलीचं नावच 'वेलस्ली: असई ते पंतप्रधानकी' असं आहे. उमराव घराण्यातला हा मुलगा १७९० मध्ये आयर्लंडच्या संसदेत गेला, १७९३ मध्ये भावाने दिलेल्या पैशांवर ३३ व्या पलटणीचा लेफ्टनंट कर्नल झाला, आणि १८०३ मध्ये इथे आला तेव्हा तोच भाऊ गव्हर्नर जनरल होता. हे सांगितल्याशिवाय चौतिसाव्या वर्षी त्याच्या हाती एवढी फौज कशी, हे कळत नाही. गावं पाहून उतार ओळखणाऱ्या या माणसाला १८३० मध्ये ब्रिटनचा पंतप्रधान असताना मतदान सुधारणेची निकड मात्र ओळखता आली नाही, आणि त्याचं सरकार गेलं. आम्हाला तरी हा भाग वगळण्यासारखा वाटत नाही.

उन्हाचं खरं कारण लिहायचं नव्हतं, पण लिहावं लागतंय. उताराची वेळ सकाळी ११ ची होती. तुमचा गट ४० मिनिटं उशिरा आला, शिवाय नाश्त्यासाठी तासभर थांबायचा आग्रहही गटाचाच होता. म्हणून आपण तिथे पाऊण वाजता पोहोचलो. शेवटचा पट्टा चालायला लावला कारण आदल्या रात्री पाऊस झाला होता. ओल्या काळ्या मातीत बस रुतली की ट्रॅक्टर येईपर्यंत दोन तास जातात. २,२०० मध्ये गाडी, नाश्ता, जेवण आणि गाईड सगळं होतं.

यापुढे पाणी जास्त ठेवू, काही छत्र्याही ठेवू. उताराजवळची वेळ थोडी कमी करता येते का तेही बघतो, पण उतार वगळणार नाही. आमच्या दोनच गाड्या आहेत आणि हंगाम ऑक्टोबर ते फेब्रुवारी. तुमचा अभिप्राय वाचून दोन कुटुंबांनी बुकिंग रद्द केलं. शक्य असेल तर उशिराची गोष्टही त्यात लिहा, एवढीच विनंती.