लंडनचा दाखला मला देऊ नका

परत तोच वाद. कालपर्यंत सरकारला प्रश्न विचारणारा पत्रकार आज सरकारची बाजू मांडायला उभा राहिला की पुण्यातल्या माझ्या मित्रांत दोन तट पडतात. एक म्हणतो, विकला गेला. दुसरा म्हणतो, त्याचा हक्कच आहे. संपादक एम. जे. अकबर १९८९ साली काँग्रेसचे खासदार होते आणि २०१४ साली भाजपचे प्रवक्ते झाले, तेव्हाही हेच ऐकलं. मला खरा राग येतो तो पुढच्या वाक्याचा: "तुमच्या लंडनमध्ये हे खपलं असतं का?"

खपलं. चांगलं सहा वर्षं खपलं. अ‍ॅलिस्टर कॅम्पबेल इथल्या 'डेली मिरर' या वर्तमानपत्राचे राजकीय संपादक म्हणून गाजले. आपण लेबर पक्षाचे आहोत हे त्यांनी तेव्हाही लपवलं नाही. १९९४ साली पक्षाचे नेते टोनी ब्लेअर यांनी त्यांना प्रसिद्धीचं काम दिलं. १९९७ साली सत्ता आली, ब्लेअर पंतप्रधान झाले, तेव्हा तर खास आदेश काढून, सरकारी अधिकाऱ्यांना हुकूम सोडण्याचा अधिकारही दिला. ना निवडून आलेला, ना परीक्षा देऊन आलेला माणूस, आणि जन्मभर सरकारी नोकरी केलेल्यांनी त्याचं ऐकायचं! ती सोय पुढचे पंतप्रधान गॉर्डन ब्राऊन यांनी रद्द केली, तोवर २००७ उजाडलं होतं.

मधे इराकचं युद्ध झालं. सप्टेंबर २००२च्या सरकारी दस्तऐवजात इराककडे ४५ मिनिटांत डागता येणारी महासंहारक शस्त्रं असल्याचा दावा होता. तो पंतप्रधानांच्या कार्यालयाने, म्हणजे कॅम्पबेल बसत तिथूनच, फुगवला गेल्याची बातमी बीबीसीने मे २००३मध्ये दिली. त्या बातमीला माहिती पुरवणारे सरकारी शास्त्रज्ञ डेव्हिड केली यांचा जुलैत मृत्यू झाला. ऑगस्टअखेरीस कॅम्पबेल यांनी पद सोडण्याचं जाहीर केलं. केली यांच्या मृत्यूची चौकशी न्यायाधीश लॉर्ड हटन यांनी केली; तिने सरकारवरचा मुख्य आरोप फेटाळला आणि राजीनामे दिले ते बीबीसीच्या अध्यक्षांनी व महासंचालकांनी. शस्त्रं काही सापडली नाहीत.

तेव्हा इथे लंडनमध्ये सगळं सोवळं आहे असं मी म्हणतच नाही. पण हटन यांच्यापुढे कॅम्पबेल यांना साक्षीला बसावं लागलं, त्यांच्या खासगी रोजनिशीतला मजकूर लोकांसमोर आला, खुद्द पंतप्रधानांनी साक्ष दिली. आपण मात्र पत्रकार कुठल्या दारातून आत गेला यावर महिनाभर भांडतो. आत बसून त्याने कुणाला फोन केले, कोणती बातमी अडवली, याची नोंद कोण मागतं? मला तेवढीच हवी आहे.

यावर उत्तर ठरलेलं असतं: तू तिकडे बसून बोलू नकोस. ते मला लागतं, कारण त्यात तथ्य आहे. भारतीय पासपोर्टवर मी इथल्या निवडणुकीत मत देतो. भारतातलं मत द्यायला स्वतः केंद्रावर जावं लागतं आणि मी जात नाही. तरीही इथला प्रवक्ता खोटं बोलला तर मी चॅनल बदलतो. तिथला बोलला की रात्रभर झोप येत नाही, आणि सकाळी ऑफिसला जाण्याआधी मी पुन्हा त्याच मित्रांशी भांडत असतो.